निशाणामागे चाळीसजण

"सातू भाजायचे आम्ही, दळायचे आम्ही, आणि पुढे मिरवायचं यांनी," झावळ्यांच्या कुडापलीकडे सलामा करवादत होती. "बरं, मिरवणाऱ्याला तरी धड काही दि—" आणि तिला एकदम खोकला आला.

कुडाच्या अलीकडे बुहैसाचा हात जात्याच्या खुंट्यावर थांबला. सलामा तिची धाकटी जाऊ. तिच्या जिभेला हाड नाही हे साऱ्या उरैफ कुळाला माहीत होतं. पण त्या सलामालासुद्धा जीभ चावावी लागेल असं एक वाक्य या वस्तीत होतं. ते कुणाच्या ओठांशी आलं की त्याला खोकला यायचा. दोन वर्षं झाली, वस्तीतल्या खोकल्याला काही उतार नव्हता.

ते वाक्य हे, की हुरैसला दिसत नाही.

हुरैस बुहैसाचा नवरा आणि उरैफ कुळाचा निशाणदार. त्याच्या दोन्ही बुबुळांवर तापल्या दुधावर साय धरावी तसं काहीतरी धरत गेलं. आधी तारे गेले, मग खजुराच्या शेंड्यावरचे घड गेले, मग माणसांचे चेहरे. आता उजेड कुठे आणि सावली कुठे, एवढंच उरलं होतं. तो कुणाला बोलला नाही. बुहैसाने दोन वर्षांत पाण्याचा रांजण तसूभर हलवला नाही, आणि तीही कुणाला बोलली नाही. पोरं त्याच्या वाटेतले दगड उचलून ठेवत. पुरुष समोर आले की आधी स्वतःचं नाव सांगत, आम्ही अमक्याचे तमके, तुमच्याकडे आलोय, जसं काही दरबारात उभे आहेत. हुरैसला त्याचं फार कौतुक. नव्या धर्माने माणसं किती रीतीची झाली बघ, असं तो बायकोला सांगायचा. बुहैसा हो म्हणायची आणि खोकायची.

हे सगळं निभत होतं, कारण दोन वर्षांत उरैफ कुळाला लढाईचं बोलावणं आलं नव्हतं.

ते आज सकाळी आलं. सांडणीस्वार मदिनेहून धुळीने माखून आला आणि सांडणीवरून न उतरताच ओरडून सांगून गेला. पूर्वेकडच्या टोळ्या दोन मजलांवरच्या विहिरीपाशी जमल्यात. दुपारची नमाज झाली की प्रत्येक कुळाने आपल्या निशाणाखाली मैदानात हजर व्हावं, उद्या पहाटे कूच. तो पुढच्या वस्तीकडे वळलासुद्धा नसेल, तोवर इकडे उरैफांच्या वस्तीत पाय ठेवायला जागा राहिली नाही. कुणी मशकांना ठिगळं लावतोय, कुणी भाल्याचं पातं दगडावर ओढतोय, कुणाची सांडणी मोहरकी तोडून खजुराच्या बागेत पळालीय आणि तिच्यामागे निम्मं कुळ. म्हाताऱ्या बायका पोरांच्या कमरेचे पट्टे आवळत होत्या आणि आवळताना त्यांच्या आयांना बोल लावत होत्या, की पोराला खायला घालत नाहीस का. बुहैसाच्या मुलीचं, रबाबचं, लग्न मिर्दासशी ठरलं होतं. तो या घरापुढून आतापर्यंत चार वेळा गेला होता. चौथ्या वेळी त्याच्या खांद्यावर काही ओझंसुद्धा नव्हतं.

बुहैसाने दळताना मनाशी ठरवलं. आज दुपारच्या आत सांगायचं. बाईमाणसाने सांगितलं तर निदान ते घरात राहील.

कारण दुसरं कुणी सांगू शकत नव्हतं. उरैफ कुळाची रीतच तशी होती. कुळाचा मुख्य स्वतःच्या हाताने भाल्याला निशाण बांधतो आणि एकाच्या हाती देतो. एकदा दिलं की परत मागायचं नाही. जिवंत माणसाकडे निशाण मागणं म्हणजे त्याला मेलेला धरणं, आणि निशाणदाराला तुला दिसत नाही म्हणणं म्हणजे निशाण मागणंच. आजोबांच्या काळात कुणीतरी मागितलं होतं, त्याचं रक्त दोन पिढ्या वाळलं नाही. निशाण हातातून जायच्या वाटा दोनच, धरणारा पडला तर, नाहीतर त्याने आपणहून दिलं तर. आणि निशाण जिकडे जाईल तिकडे कुळ जाणार, हे तर पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक. चाळीस माणसं. त्यातला एक मिर्दास.

सातूची पिशवी बांधून ती आत गेली तर हुरैस चिलखत मांडीवर घेऊन बसला होता. एकेका कडीला तेल लावत होता, बोटांनीच. या कामाला त्याला डोळे कधीच लागले नव्हते. पंचेचाळिशी ओलांडलेला माणूस, दाढी पांढरी, डाव्या हाताची दोन बोटं बद्रच्या लढाईत विहिरींपाशी गेलेली, खांद्यात उहुदच्या डोंगराखालच्या बाणाची खोक. आणि गुणगुणत होता, जसं काही आज त्याचंच लग्न आहे.

ती समोर बसली. रबाबचा बाप म्हणून, लेकीच्या नावाने हाक मारत म्हणाली, "अबू रबाब, एक बोलायचं होतं."

"बस ना. मीही तेच आठवत होतो," तो म्हणाला. तिने काय बोलायचं होतं ते त्याने विचारलं नाही. नवऱ्यांची ही खोड कुठल्याही धर्माने जात नाही.

आणि तो सांगत बसला. तिला ते सारं पाठ होतं. पंचविसाव्या वर्षी तो मक्केच्या यात्रेत कातडी विकायला गेला. कातडी विकली, आणि लोखंडी भांडी घेऊन यायचं सोडून एक नवा शब्द घेऊन आला. देव एकच आहे आणि त्याच्यापुढे गुलाम आणि मालक एका रांगेत उभे राहतात, हा. चुलता तेव्हा कुळाचा मुख्य. त्याने पुतण्याला काळ्या दगडांच्या रानात उताणा बांधला. वर ऊन, खाली तव्यासारखा तापलेला दगड. म्हण, चुकलो म्हण. तीन दिवस. साऱ्या वस्तीतून एक माणूस त्याच्या बाजूने उभा राहिला नाही. फक्त दुपारी सगळे आडवे झाले की एक नवी नवरी भिजवलेलं फडकं घेऊन दगडादगडांतून रांगत यायची आणि त्याच्या तोंडात पिळायची.

"तुझे गुडघे फुटले होते," हुरैस म्हणाला. "तेव्हा मी एकटा होतो गं, उम्म रबाब. आज मागे वळून बघतो तर चाळीस दिसतात."

दिसतात, म्हणाला. बुहैसाने तोंड उघडलं, आणि तिला खोकला आला.

ती उठली आणि तडक अज्लानकडे गेली. अज्लान आताचा मुख्य, त्याच चुलत्याचा मुलगा. काळ्या दगडांत त्या तीन दिवसांत दोराचं एक टोक त्याच्या हातात होतं, पोर होता तेव्हा. पुढे कुळातला दुसरा मुसलमान तोच झाला. पण हुरैससमोर आला की आजही आपले तळवे कपड्याला पुसायचा. त्याच्यासमोर ती उभी राहिली आणि म्हणाली, की अबू रबाबचं वय झालंय. अज्लान म्हणाला, की वय काय, सगळ्यांचंच होतं. ती म्हणाली, की ऊन फार आहे. तो म्हणाला, की ऊन आहे खरं. दोघंही अशी आडवळणाने बोलत राहिली. शेवटी अज्लानने इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज उतरवला.

घोडीचं आम्ही बघितलंय, वहिनी, असं तो म्हणाला. हुरैसची घोडी गबरा. तिची लेक शौला मिर्दासकडे आहे. लेक जिकडे जाते तिकडे आई जाते, गेली तीन वर्षं, पाण्यावर असो की चाऱ्यावर. मिर्दास शौलेला घेऊन आघाडीला राहील, चार हात पुढे. निशाणाच्या पुढे घोडं काढणं रीतीला धरून नाही, पण पोर उतावळा आहे, नवरदेव आहे, असं म्हणता येईल. तो जाईल तिकडे गबरा जाईल, आणि गबरेमागे आपण. हुरैसला कळणारही नाही.

बुहैसाने विचारलं, की हे किती जणांना ठाऊक आहे. अज्लानने बोटं मोजायला घेतली, मग सोडून दिली. सगळ्यांनाच, म्हणाला. आणि तोही खोकला.

तिला आधी हायसं वाटलं. मग घराकडे येताना राग आला. चाळीस मोठे बाप्ये, तलवारीपुढे छाती काढणारे, आणि एक वाक्य बोलायला नको म्हणून सगळा भार एका घोडीच्या आईपणावर टाकून मोकळे.

मैदान दुपारी असं भरलं की धुळीने ऊन तांबूस दिसायला लागलं. सहा कुळं, सहा निशाणं. उंट आरडत होते, घोडे जागच्या जागी नाचत होते. मदिनेहून नेमून आलेला सरदार, आखूड दाढीचा, कमी बोलणारा, एका उंचवट्यावर उभा होता. कूच करायच्या आधी प्रत्येक कुळाने मैदानातल्या विहिरीपासून पार समोरच्या झाऊच्या झाडापर्यंत निशाणामागे एक दौड करून दाखवायची होती. कोण कसं धावतं यावरून कोणाला कुठे लावायचं ते तो ठरवणार. कडेला पाण्याच्या कालव्यापाशी बायका मशका घेऊन उभ्या, त्यांच्या पलीकडे जहम कुळाचे लोक दौड आटपून जेवायला बसलेले, दगडांवर त्यांची कढई रटरटत होती. त्यांच्याही मागे खजुराची बाग, मातीच्या बुटक्या भिंतीआड.

उरैफांची पाळी आली. अज्लानने निशाण बांधलं, हिरवं, कडेला बुहैसाच्याच हातचे टाके. हुरैसने भाला उचलला आणि सरळ केला. वाऱ्याने कापड फडफडलं तशी चाळीस गळ्यांतून एकच आरोळी उठली. सलामाने बुहैसाचा दंड धरला. घोडीवर ताठ बसलेला तो माणूस बुहैसाला आजही काळ्या दगडांतल्या पोरासारखा दिसत होता, ओठ फुटलेला आणि कुणापुढे न वाकणारा.

मिर्दास शौलेवर, चार हात पुढे. सगळं ठरल्यासारखं.

आणि सरदाराची नजर नेमकी शौलेवर पडली. काय चालीची घोडी आहे. त्याने हात करून मिर्दासला बोलावलं, बागेआड तिरंदाज बसलेत, त्यांना दौडत जाऊन सांग की पुढची पाळी तुमची. मिर्दास जागेवरच चुळबुळला. म्हणाला, की दौड झाल्यावर जातो. सरदाराने पुन्हा सांगितलं, आता आवाज चढवून. मिर्दासने अज्लानकडे पाहिलं. अज्लानने आकाशाकडे पाहिलं. कारण सांगायचं तर ते वाक्य बोलावं लागणार होतं. मिर्दासने दात आवळले आणि शौलेला बागेकडे टाच मारली.

त्याच क्षणाला हुरैसने भाला पुढे झुकवला आणि दौडीची आरोळी दिली.

गबरेने दोन झेपा झाऊच्या दिशेने टाकल्या. मग तिने मान वळवली. तिची लेक उजवीकडे धूळ उडवत चालली होती. गबरा एकदा खिंकाळली आणि अशी वळली की निशाणाचं कापड तिच्या मागे अर्धं वर्तुळ काढत गेलं.

आता मागच्या चाळीसांनी काय करावं. झाऊचं झाड समोर आहे, भरदुपार आहे, सगळ्यांना सगळं दिसतंय. पण निशाण उजवीकडे गेलं होतं. एकानेही लगाम खेचला नाही. अकरा घोडी आणि बाकीचे उंट, एकेकावर दोघं दोघं, सगळे उजवीकडे वळले, आणि वळताना पुन्हा आरोळी दिली, आधीपेक्षा मोठी.

ते बायकांच्या अंगावरच आले. बायका मशका टाकून फाकल्या, सलामा कालव्यात बसली. गबरेने कालवा ओलांडला, हुरैस तिच्या मानेवर झुकला, निशाण ताठ. मागून घोडी उडाली, उंट पाण्यातून फसाफस गेले. पुढे जहम कुळाचं जेवण. जहमवाले हातातला घास तसाच धरून दोन्ही बाजूंना लोळले, कढई उलटली, निखाऱ्यांचा फवारा उडाला, त्यातून उरैफांचा शेवटचा उंट मटणाचा तुकडा पायाला चिकटवून गेला. कुणीतरी त्यांच्या सात पिढ्या काढत होतं. बुहैसा परकर वर खोचून त्यांच्या मागे धावत सुटली होती, आणि आपण हसतोय की रडतोय हे तिचं तिलाच कळत नव्हतं.

बागेच्या भिंतीपाशी शौला थांबली. म्हणून गबरा थांबली. म्हणून उरैफ कुळ थांबलं.

हुरैसचा श्वास फुलला होता, चेहरा उजळला होता. वाटेतली उडी आणि आरडाओरडा त्याने दौडीतलाच धरला होता, आणि त्याच्या हिशेबाने तो आता झाऊच्या झाडापाशी होता. त्याने निशाण उंच केलं आणि खणखणीत आवाजात मातीच्या भिंतीला अल्लाहु अकबर दिला. मागच्या चाळीसांनी भिंतीकडेच तोंड करून, त्याच ताकदीने, तो परत दिला.

कुणी हसलं नाही. जहमवालेसुद्धा नाहीत. त्यांना आधी कढईचा राग आला होता, पण आता ते नुसते बघत होते.

सरदार घोडं काढून तिथवर आला. चाळीसांकडे एकेक करून पाहिलं. अज्लानचा चेहरा चुन्यासारखा झाला होता. सरदार म्हणाला, की मी आज पाच कुळांची दौड पाहिली, सगळी सरळ धावली. सरळ कुणीही धावतं. तुमच्यापुढे कालवा आला, विस्तव आला, लोकांची पानं आली, आणि एक माणूस निशाणाला सोडून गेला नाही. मला आघाडीला अशीच माणसं हवीत. उद्या सगळ्या फौजेच्या पुढे उरैफ कुळ, आणि उरैफांच्या पुढे हे निशाण.

जहमवाल्यांनी मान डोलावली. अज्लानने तोंड उघडलं. बुहैसाला वाटलं, आता बोलेल. तो म्हणाला, "असं अचानक वळणं ही आमची जुनी चाल आहे."

हुरैसने मान वळवली. "वळणं?"

अज्लानला खोकला आला. त्याच्या मागच्याला आला. खोकला रांगेतून पार शेवटच्या उंटापर्यंत गेला.

"मिर्दास," हुरैस म्हणाला. "बाळ, इथेच आहेस ना."

मिर्दासने जवळूनच हो म्हटलं.

"समोर झाऊचं झाड आहे ना?"

मिर्दासने भिंतीकडे पाहिलं. मग आपल्या होणाऱ्या सासऱ्याच्या त्या पांढुरक्या, उजळलेल्या डोळ्यांकडे पाहिलं. "आहे, मामा," तो म्हणाला. "समोरच आहे."

हुरैसने सावकाश भाल्याचं टोक पुढे केलं. ते मातीला टेकलं. त्याने जरा दाबलं, आणि भिंतीचं वाळकं ढेकूळ सुटून गबरेच्या खुरांपाशी पडलं. त्याने टोक डावीकडे सरकवलं, माती. उजवीकडे सरकवलं, माती.

बुहैसा तोवर धापा टाकत गबरेच्या तोंडाशी पोचली होती. त्याच्या चेहऱ्यावरून एकेक गोष्ट जाताना तिने पाहिली. रांजण जागचा न हलणं. वाटेत दगड नसणं. माणसांचं ते रीतीने नाव सांगणं. आणि आता ही चाळीस माणसं, उघड्या डोळ्यांची, त्याच्यामागून जाणूनबुजून कालव्यात, विस्तवात आणि भिंतीवर आलेली. उद्या याच डोळ्यांनी ती त्याच्यामागून भाल्यांवर गेली असती, आणि जाताना आरोळी दिली असती.

तिने लगाम धरला. आता तिला खोकला आला नाही. "अबू रबाब," ती म्हणाली, "ऐका. तुम्हाला—"

"थांब गं," तो हळूच म्हणाला, तिलाच ऐकू जाईल इतकं. "तीन दिवस तू मला पाणी दिलंस, ते चुलत्याला मी सांगितलं नव्हतं. पण चुकलो नाही, हे तोंडाने माझं मीच म्हटलं होतं. हेही मलाच म्हणू दे."

तो खोगिरावर ताठ झाला आणि बोलायला वळला. पण वळला तो जहमवाल्यांच्या उलट्या कढईकडे. बुहैसाने लगाम हळूच ओढून गबरेचं तोंड चार बोटं उजवीकडे आणलं, म्हणजे तो नेमका सरदाराच्या समोर आला.

"सरदार," हुरैस मोठ्याने म्हणाला, सहाही कुळांना ऐकू जाईल असं, "मला दिसत नाही."